बीएएमएसला पैसे भरण्याआधी कॉलेजचे कागद कसे तपासायचे: खान्देशातल्या पालकांसाठी

नीटचा निकाल लागला की जळगाव, धुळे, नंदुरबारच्या घरांमधून फोन सुरू होतात. "त्या कॉलेजले मान्यता शे ना भाऊ?" पलीकडचा म्हणतो, "शे ना, पक्की शे." एवढ्या उत्तरावर लोक डीडी काढतात. कपाशीचे आलेले पैसे, सोसायटीचं कर्ज, आजीची पोत, सगळं त्या एका "पक्की शे"वर लागतं.

आयुर्वेद, युनानी किंवा होमिओपॅथीच्या कॉलेजला मिळणारी परवानगी मुदतीची असते. ती एका अभ्यासक्रमाची आणि ठरलेल्या जागांची असते, बहुतेक वेळा एकेका शैक्षणिक वर्षाची. काही कॉलेजांना एकदम काही वर्षांसाठी मिळते, पण तीही अटींवरच. गेल्या वर्षी शंभर मुलं घेतलेल्या कॉलेजला यंदा साठच घेता येतील, किंवा एकही घेता येणार नाही, असं होऊ शकतं. म्हणून कॉलेजला विचारायचं ते असं: यंदाच्या वर्षाची, या अभ्यासक्रमाची, किती जागांची परवानगी आहे, आणि तिचं पत्र दाखवता का? हा लेख त्या पत्रापर्यंत कसं पोहोचायचं आणि ते कसं वाचायचं यासाठी आहे.

पहिली पायरी: कोर्स कोणाच्या अखत्यारीतला ते ओळखा

बीएएमएस म्हणजे आयुर्वेद आणि बीयूएमएस म्हणजे युनानी. हे दोन्ही दिल्लीच्या राष्ट्रीय भारतीय चिकित्सा पद्धती आयोगाच्या अखत्यारीत येतात. लोक त्याला एनसीआयएसएम म्हणतात. 1970 च्या कायद्याने आलेली केंद्रीय भारतीय चिकित्सा परिषद, म्हणजे जुने वैद्य अजूनही जिला सीसीआयएम म्हणतात ती, 2021 च्या जूनमध्ये गेली आणि 2020 च्या कायद्यानुसार तिच्या जागी हा आयोग आला. सिद्ध आणि सोवा-रिग्पा या पद्धतीही त्याच्याकडेच आहेत, पण आपल्याकडे त्यांचा संबंध येत नाही. बीएचएमएससाठी राष्ट्रीय होमिओपॅथी आयोग वेगळा आहे. तोही 2021 चाच. खाली सांगितलेली रीत होमिओपॅथीलाही जवळपास तशीच लागू होते, फक्त दिल्लीचं ऑफिस वेगळं.

आता यात न बसणाऱ्या गोष्टी. बाजारपेठेच्या गल्लीत, क्लासच्या वरच्या मजल्यावर "इलेक्ट्रोहोमिओपॅथी", "अल्टरनेटिव्ह मेडिसिन" असे बोर्ड दिसतात. इलेक्ट्रोहोमिओपॅथीला चिकित्सा पद्धती म्हणून मान्यता नाही, हे केंद्राच्या आरोग्य खात्याने 2003 च्या नोव्हेंबरमध्येच लेखी सांगितलं आहे. निसर्गोपचार आणि योगही एनसीआयएसएमच्या कायद्यात नाहीत. म्हणून त्यांचा डिप्लोमा घेतलेल्याला आयुर्वेदाच्या डॉक्टरसारखी नोंदणी मिळत नाही. आणि घरबसल्या पत्राने मिळणारं "आयुर्वेदरत्न" किंवा "वैद्य विशारद"? अलाहाबादच्या हिंदी साहित्य संमेलनाच्या या पदव्या 1967 पर्यंतच ग्राह्य होत्या. त्यानंतरच्यांना नोंदणीचा हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयानेही सांगितलं आहे. आजोबांकडे ती पदवी असेल तर जपून ठेवा. नातवासाठी तिचा फॉर्म मात्र भरू नका.

दुसरी पायरी: दिल्लीचं पत्र वाचा

इथे घाई करू नका, सगळी गोम याच कागदात असते.

नवं कॉलेज काढायचं म्हटलं की संस्थेला तीन ठिकाणी जावं लागतं. राज्य सरकारचं ना हरकत प्रमाणपत्र मुंबईतून, वैद्यकीय शिक्षण विभागाकडून मिळतं. आरोग्य विज्ञान विद्यापीठाची संमती नाशिकहून येते. मग दिल्लीत आयोगाच्या मूल्यांकन व मानांकन मंडळाकडे अर्ज होतो. मंडळ कागद तपासतं, पाहणी करतं, आणि सगळं जमलं तर आधी इरादापत्र (एलओआय) देतं, नंतर परवानगीपत्र (एलओपी). हे दोन इंग्रजी शब्द कॉलेजच्या ऑफिसात सर्रास ऐकू येतात. एलओआय हातात आहे म्हणजे प्रवेश देता येतात असं नाही. एलओपी मिळाल्यावरच देता येतात. नव्या कॉलेजचा माणूस "एलओआय आलंय, पुढच्या आठवड्यात एलओपी येईल" म्हणत आगाऊ पैसे मागत असेल, तर पुढच्या आठवड्यात या म्हणावं.

जुन्या कॉलेजांनाही चालू वर्षाची परवानगी लागते. ती आयोगाच्या संकेतस्थळावर शैक्षणिक वर्षानुसार यादी होऊन येते, परवानगी मिळालेल्यांची आणि नाकारलेल्यांचीही. यादी उघडलीत की पाच गोष्टी जुळवा.

कॉलेजचं पूर्ण नाव आणि गाव. संस्थेचं नाव एक, कॉलेजचं दुसरं आणि बोर्डावर तिसरंच, हे आपल्याकडे नेहमीचं आहे. एकाच संस्थेची दोन तालुक्यांत दोन कॉलेजं असतील, तर एकाचं पत्र दुसऱ्याच्या भिंतीवर लटकू शकतं.

मग शैक्षणिक वर्ष. फक्त 2023-24 पुरतं असलेलं पत्र 2025-26 ला उपयोगाचं नाही, कितीही सुंदर फ्रेम केलेलं असलं तरी.

मग अभ्यासक्रम. पदव्युत्तर एमडी, एमएसची परवानगी विषयागणिक वेगळी मिळते. "आमच्याकडे एमडीसुद्धा आहे" हे ऐकायला भारी वाटतं, पण तुमच्या मुलाच्या पदवीच्या जागेशी त्याचा संबंध नाही.

मग जागा. साठ की शंभर? यादीत साठ असतील आणि ऑफिसवाला "सत्तराव्या नंबरला बसवतो" म्हणत असेल, तर त्या मुलाचा प्रवेश पुढे कोणीच मंजूर करणार नाही.

शेवटी अटी. पत्राच्या खालच्या परिच्छेदांत त्रुटी लिहिलेल्या असतात: अमुक विभागात प्राध्यापक कमी, रुग्णालयात खाटा कमी भरलेल्या, अमुक तारखेपर्यंत पूर्तता करावी. लोक पहिलं पान बघून सोडतात. खरं कॉलेज कळतं ते दुसऱ्या पानावर. दोन-तीन वर्षांची पत्रं शेजारी ठेवा. त्याच त्रुटी दरवर्षी दिसत असतील, तर संस्थेला त्या भरायच्याच नाहीत असं मी समजतो.

तिसरी पायरी: नाशिक, जळगाव नव्हे

खान्देशातल्या लोकांची इथे हमखास गल्लत होते. आपलं कवयित्री बहिणाबाई चौधरी उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ जळगावला आहे. घरातलं कोणी तरी तिथून बीएस्सी झालेलं असतं, त्यामुळे आयुर्वेदाचं कॉलेजही तिथलंच असेल असं वाटतं. तसं नाही. अभिमत विद्यापीठांची सोडली, तर राज्यातली आयुर्वेद, युनानी, होमिओपॅथीची कॉलेजं महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाशी संलग्न असतात. हे विद्यापीठ 1998 चं, नाशिकला म्हसरूळजवळ दिंडोरी रोडवर आहे. परीक्षा, निकाल, पदवी सगळं तिथूनच येतं.

विद्यापीठही कॉलेजांची पाहणी करून संलग्नता देतं किंवा चालू ठेवतं. दिल्लीची परवानगी आणि नाशिकची संलग्नता, दोन्ही लागतात. एकावर काम होत नाही. संलग्न कॉलेजांची यादी विद्यापीठाच्या संकेतस्थळावर विद्याशाखेप्रमाणे असते आणि प्रत्येक कॉलेजला एक कोड असतो. तो कोड वहीत लिहून ठेवा, पुढे प्रत्येक फॉर्मवर लागतो. फोन करून कोणी उचललं नाही तर निराश होऊ नका, ईमेल टाका. लेखी विचारलेल्याला लेखी उत्तर मिळतं आणि तेच पुढे कामाला येतं.

परराज्यातलं कॉलेज असेल तर तिथल्या विद्यापीठाची तशीच यादी बघा. तापीकाठच्या लोकांना सुरत जवळ, रावेर-मुक्ताईनगरच्या लोकांना बऱ्हाणपूर जवळ, म्हणून एजंट गुजरात-मध्य प्रदेशाची नावं आधी काढतात. वाईट असतीलच असं नाही. पण तिथला राज्य कोटा तुम्हाला बहुधा मिळत नाही आणि आपल्या सरकारची फी सवलत मिळेल असं धरूनही चालू नका.

चौथी पायरी: प्रवेश सीईटी सेलच्या यादीतूनच

नीटशिवाय बीएएमएस, बीयूएमएस, बीएचएमएस होत नाही. खुल्या गटाला पन्नासावं पर्सेंटाइल, अनुसूचित जाती-जमाती आणि ओबीसींना चाळिसावं. सरकारने एखाद्या वर्षी खाली आणलं तर तसा जाहीर आदेश निघतो. महाराष्ट्राच्या जागांचे प्रवेश राज्य सामाईक प्रवेश परीक्षा कक्षाच्या, म्हणजे सीईटी सेलच्या, कॅप (केंद्रीय प्रवेश प्रक्रिया) फेऱ्यांमधून होतात आणि अखिल भारतीय कोट्याचे दिल्लीच्या आयुष प्रवेश समुपदेशन समितीमार्फत. खासगी कॉलेजांत संस्थास्तरीय कोटाही, म्हणजे संस्थेने स्वतः भरायच्या जागाही असतात, पण तिथेही नीट लागते, गुणवत्ता यादी लागते, आणि झालेला प्रवेश प्रवेश नियामक प्राधिकरणाकडून मंजूर व्हावा लागतो.

सीईटी सेल प्रत्येक फेरीआधी कॉलेजवार जागांचा तक्ता काढतो. तुमचं कॉलेज त्या तक्त्यात नसेल तर कारण शोधा. कधी कधी परवानगी उशिरा येते आणि कॉलेज पुढच्या फेरीत वाढतं, हे खरं आहे. पण "आम्ही तक्त्यात नाही, आमचे प्रवेश थेट होतात" हे खरं नाही. प्रवेशाची शेवटची तारीखही आयोग दरवर्षी ठरवतो. त्यानंतर झालेला प्रवेश मागच्या तारखेने दाखवला तरी टिकत नाही.

हे कोणाला अति वाटत असेल तर उत्तर प्रदेशाचं उदाहरण घ्या. 2022 मध्ये तिथे आयुषच्या प्रवेशांची चौकशी झाली, गुणवत्ता यादीत फेरफार करून नीटमध्ये नापास झालेल्यांनाही बसवलेलं निघालं आणि 891 विद्यार्थी निलंबित झाले. मुलं तोवर वर्गात बसत होती, फी भरून.

जातीच्या किंवा जमातीच्या राखीव जागेवर असाल तर वैधता प्रमाणपत्राचं काम बारावीच्या वर्षातच सुरू करा. नंदुरबार, साक्री, चोपडा, यावल भागातल्या आदिवासी मुलांच्या जागा कॉलेजच्या दोषाने जातात त्यापेक्षा या कागदाच्या उशिराने जास्त जातात, असं माझं मत आहे.

पाचवी पायरी: फी

खासगी विनाअनुदानित कॉलेजची फी कॉलेज ठरवत नाही. 2015 च्या कायद्याने नेमलेलं शुल्क नियामक प्राधिकरण प्रत्येक कॉलेजची, प्रत्येक वर्षाची ठरवतं आणि संकेतस्थळावर टाकतं. तो आकडा छापून सोबत न्या. त्यावर "डोनेशन", "बिल्डिंग फंड", "क्लिनिकल चार्जेस" असं काही मागितलं तर पावती मागा. पावतीचं नाव काढलं की रक्कम बऱ्याचदा आपोआप कमी होते. कॅपिटेशन फी घेणं महाराष्ट्रात 1987 च्या कायद्याने गुन्हा आहे. हॉस्टेल, मेस वेगळं. त्याचा कागद वेगळा घ्या.

महाडीबीटी या सरकारी पोर्टलवरची शिष्यवृत्ती आणि फी प्रतिपूर्ती कॅपमधून आलेल्यांना मिळते. ईडब्ल्यूएस, एसईबीसी आणि ओबीसी गटातल्या मुलींना, कुटुंबाचं उत्पन्न आठ लाखांच्या आत असेल तर, 2024-25 पासून शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्कात पूर्ण माफी आहे. तीही कॅपच्या प्रवेशालाच. संस्थास्तरीय कोट्यातून घाईने जागा पकडणाऱ्यांना हे कोणी सांगत नाही.

सहावी पायरी: दवाखाना बघायला जा, कळवून नको

कागद जुळले तरी एकदा कॉलेजवर जाऊन या. आयुर्वेदाचं कॉलेज म्हणजे वर्ग आणि त्याला जोडलेलं चालतं रुग्णालय. रुग्णच नसतील तर मुलगा साडेचार वर्षं आणि वर एक वर्ष इंटर्नशिप करून नुसता पाठांतरवाला वैद्य होईल.

तुलनेसाठी 2016 च्या नियमांतले आकडे डोक्यात ठेवा. साठ जागांच्या कॉलेजला साठ खाटांचं रुग्णालय, बाह्यरुग्ण विभागात रोज सरासरी 120 रुग्ण, खाटांपैकी निदान 40 टक्के भरलेल्या, आणि किमान तीस शिक्षक. शंभर जागांना शंभर खाटा, रोज 200 रुग्ण आणि पंचेचाळीस शिक्षक. 2024 मध्ये आयोगाने किमान निकष आणि मानांकनाचे नवे नियम आणले आहेत, तेव्हा यंदाचा नेमका हिशेब त्यांतून घ्या. पण रिकामं रुग्णालय ओळखायला जुने आकडेही पुरतात.

पाहणीच्या दिवशी सगळ्या खाटा भरलेल्या असतात, हे खान्देशात पोराटोरांनाही माहीत आहे. जवळच्या गावांत गाडी फिरते, मोफत तपासणी, जेवण, आणि दुपारपर्यंत वॉर्ड गच्च. म्हणून तुम्ही एखाद्या साध्या मंगळवारी-बुधवारी सकाळी दहाच्या सुमाराला जा. सोबत घरातलं गुडघेदुखीचं म्हातारं माणूस न्या आणि रीतसर केस पेपर काढा. केस पेपरवरचा नंबर बघा. दुपारी निघताना पुन्हा खिडकीवर डोकावून चालू नंबर बघा. दोन्हींतला फरक म्हणजे मधल्या वेळात आलेले रुग्ण. पंचकर्माच्या खोलीत तेलाचा वास आणि ओली फरशी आहे की टेबलावर धूळ आहे, ते दारातूनच कळतं. आंतररुग्ण विभागात चादरींवर कोणी झोपलेलं आहे का? प्रसूतीचा कक्ष चालू आहे का? औषधांच्या खिडकीवर काढे, चूर्णं मिळतात की बाहेरची चिठ्ठी देतात?

एक सावधगिरी. कापूस वेचणी जोरात असताना किंवा पोळ्याच्या आसपास कुठल्याही दवाखान्यात गर्दी कमीच असते. त्या दिवसांतली गर्दी बघून निकाल देऊ नका.

बीएएमएसला चौदा विभाग असतात: संहिता-सिद्धांत, रचना शारीर, क्रिया शारीर, द्रव्यगुण, रसशास्त्र, रोगनिदान, स्वस्थवृत्त, अगदतंत्र, स्त्रीरोग, बालरोग, कायचिकित्सा, शल्य, शालाक्य, पंचकर्म. प्रत्येकाच्या दारावर पाटी असते. पाटीवरचा माणूस खुर्चीवर आहे का ते बघा. कागदावरचे शिक्षक हा या क्षेत्राचा जुना आजार आहे. नाव नंदुरबार जिल्ह्यातल्या कॉलेजात आणि प्रॅक्टिस पुण्यात. त्यासाठीच शिक्षकांना ओळख क्रमांक आणि आधारशी जोडलेली बायोमेट्रिक हजेरी आली. शिक्षकांची यादी कॉलेजच्या संकेतस्थळावर असायला हवी. ती उतरवून घ्या आणि द्रव्यगुणाचे सर कुठे बसतात, असं सहज विचारा.

वनौषधी उद्यानही बघा, पण त्यावर फार जाऊ नका. आपल्याकडे मे महिन्यात पारा पंचेचाळिशीकडे जातो, तेव्हा चांगल्या कॉलेजची बागही करपलेली दिसते. पाण्याची नळी आणि झाडांवरच्या नावाच्या पाट्या असल्या तरी मला पुरतं.

मग गेटबाहेरच्या चहाच्या टपरीवर बसा. इंटर्नशिपची मुलं तिथे येतात. त्यांना तीन गोष्टी विचारा: स्टायपेंड किती आणि वेळेवर मिळतो का, शवविच्छेदन प्रत्यक्ष केलं का, आणि मूळ कागदपत्रं कॉलेजने अडकवून ठेवली आहेत का. प्राचार्यांच्या केबिनमध्ये मिळणारी माहिती इथे दहा मिनिटांत तपासून होते.

"आम्ही खंडपीठातून आणू"

परवानगी नाकारलेल्या संस्थेला दाद मागता येते, आधी आयोगाकडे, पुढे केंद्र सरकारकडे. त्यानंतर संस्था उच्च न्यायालयात जातात. जळगाव, धुळे, नंदुरबार हे तिन्ही जिल्हे छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाखाली येतात, म्हणून प्रवेशाच्या दिवसांत "खंडपीठातून स्टे आणतोय" हे वाक्य कानावर पडतं. संस्थेचा तो हक्कच आहे, आणि कधी कधी नाकारणं खरंच चुकीचंही असतं. पण अंतरिम आदेशावर झालेला प्रवेश अंतिम निकालाच्या अधीन राहतो, तसं आदेशातच लिहिलेलं असतं. आदेशाची प्रत मागा, न्यायालयाच्या संकेतस्थळावर प्रकरण क्रमांकाने पडताळा आणि ओळखीच्या वकिलाकडून वाचून घ्या. दुसऱ्या परवानगी असलेल्या कॉलेजात जागा मिळत असेल तर मी तीच घेईन, मग ते घरापासून शंभर किलोमीटर लांब का असेना.

मुलगा दुसऱ्या वर्षाला असताना कॉलेजला परवानगी नाकारली तर लगेच घाबरू नका. त्या वर्षी नवे प्रवेश थांबतात, आधी रीतसर आलेल्या तुकड्यांचं शिक्षण चालू राहतं. तरी नाकारण्याचं कारण वाचाच. पगार थकल्याने शिक्षक निघून गेले असतील तर त्याचा फटका जुन्या तुकडीलाच बसतो.

फाइलमध्ये काय ठेवायचं

प्रवेश झाल्याच्या दिवशी एक फाइल करा आणि ती कपाटात आईच्या ताब्यात द्या. त्यात त्या वर्षीचं परवानगीपत्र किंवा यादीचं पान, सीईटी सेलचं वाटपपत्र, नीटचं गुणपत्रक, फीच्या सगळ्या पावत्या, आणि विद्यापीठाकडून पात्रता व नोंदणी क्रमांक आला की त्याचा कागद. कॉलेज मूळ दाखले ठेवून घेत असेल तर कोणकोणते घेतले त्याची शिक्का मारलेली पोच घ्या.

या फाइलचं काम साडेपाच वर्षांनी पडतं. इंटर्नशिप संपली की आयुर्वेद आणि युनानीच्या डॉक्टरांची नोंदणी मुंबईच्या महाराष्ट्र कौन्सिल ऑफ इंडियन मेडिसिनकडे होते. त्या नोंदणीशिवाय दवाखान्याची पाटी लावता येत नाही आणि धडगाव-अक्कलकुव्याच्या आदिवासी पाड्यांवर फिरणाऱ्या सरकारी भरारी पथकात वैद्यकीय अधिकारी म्हणून अर्जही करता येत नाही. कायद्यात पदवीनंतरच्या राष्ट्रीय निर्गम परीक्षेचीही तरतूद आहे, म्हणून तुमच्या मुलाच्या तुकडीला ती लागू आहे का, हे तिसऱ्या वर्षात असतानाच आयोगाच्या संकेतस्थळावर बघून ठेवा.